ग्यानोबाअण्णांचा आवाज कुणी नेला?

१

माणूस गेला तर पंचनामा होतो, सोनं गेलं तर फिर्याद होते. आवाज चोरीला गेला तर कुठं जायचं हे कुणी सांगून ठेवलेलं नाही, म्हणून दीपमाला माझ्याकडे आली.

मी उज्वला. लातुरात शिकवणी वर्गांच्या गल्लीत, एका झेरॉक्सच्या दुकानावर माझं व्हिडिओ मिक्सिंगचं दुकान आहे. लग्नसराईत मी दिवसाला दोन-तीन लग्नं लावते, तीही भटजीशिवाय. हळद कापते, वरात जोडते, रुसलेले व्याही काढून टाकते. बाकीचे महिने मास्तर लोकांचे तास. शिवाय न चालणाऱ्या फायली घेऊन लोक येतातच. चित्र दिसतं पण आवाज नाही, आवाज आहे पण तोंड पुढं आणि शब्द मागं. मी दुरुस्त करून देते आणि वर चार शब्द सुनावते, कारण दहापैकी नऊ वेळा फायलीची चूक नसते, माणसाची असते.

दीपमाला आली ती फाल्गुनातल्या एका दुपारी. वय बत्तीसच्या आसपास. उमरीहून सकाळीच निघून नांदेडमार्गे आलेली, सोबत नवरा वीरेश. तो उमरीत कापसाच्या जिनिंगवर कामाला. मी पाणी दिलं, ते तिनं घेतलं नाही. फोन माझ्यासमोर ठेवला.

"ताई, ह्याच्यातून माझ्या वडलांचा आवाज कुणीतरी काढून टाकलाय. कुणी काढला ते मला पायजे. आन आवाजबी पायजे."

तिनं व्हिडिओ लावला. उतरत आलेला मांडव, रिकाम्या खुर्च्या, आणि एका खुर्चीवर पांढऱ्या टोपीतला म्हातारा, हातात माईक. ओठ हलत होते. मध्येच तो थांबायचा, खाली बघायचा, पुन्हा बोलायचा. ऐकू मात्र येत होती फक्त बासरी, आम्ही मिक्सिंगवाले दुःखाच्या जागी लावतो तीच. साडेतीन मिनिटांनी म्हाताऱ्यानं हात जोडले आणि चित्र संपलं.

"हे ग्यानोबाअण्णा," दीपमाला म्हणाली. "दिवाळीत वारले."

मग तिनं सांगितलं ते असं. सहा वर्षांपूर्वी तिनं वीरेशशी लग्न केलं, वेगळ्या जातीत. अण्णांनी मारुतीच्या देवळात भावकीसमोर शपथ घेतली की जन्मात पोरीशी बोलणार नाही. शब्दाला पक्का माणूस. फोनसुद्धा उचलला नाही कधी. मागच्या ज्येष्ठात औशाजवळच्या त्यांच्या गावी नव्या घराची वास्तुशांत झाली. तिला बोलावणं नव्हतं. पण महिन्याभरानं धाकट्या भावानं, लखननं, कुणाच्या तरी हाती एक पेनड्राईव्ह पाठवला. त्यात हे.

"आवाज न्हाई म्हून म्या लखनला फोन केला. तो म्हणला, आवाज हाय, म्या माझ्या कानानं ऐकलाय, नाटकं करू नको. आन ठेवून दिला. मंग अण्णा वारले तवा मी मातीला गेले. तिथं सगळ्यांसमोर मला म्हणला, तुला आवाज ऐकू आला न्हाई व्हय?" तिनं पदर तोंडाशी नेला. "ताई, चोराच्या मनात चांदणं. त्यानंच पुसला. मी परत घरात येऊ नये म्हून."

मी फोनची वायर संगणकाला जोडली. फाईल उघडली, दोन्ही स्पीकर मोठे केले. तिथंही बासरी आणि फक्त बासरी.

म्हाताऱ्याचा आवाज खरंच नव्हता.

२

आता थोडं माझ्या धंद्याचं सांगते, कंटाळू नका. मिक्सिंगमध्ये आवाज आणि संगीत आधी वेगवेगळ्या पट्ट्यांवर असतात. फाईल तयार केली की दोन्ही एकात मिसळतात, दुधात साखर विरघळावी तसे. नंतर त्यातून फक्त बोलणं काढणारी ॲपं आता फोनवरही मिळतात, पण ती मागे घाण ठेवतात. कुठं स-श ची फुसफुस, कुठं शब्दाचं शेपूट. दीपमालाच्या फायलीत बासरी अगदी धुतल्यासारखी स्वच्छ होती. इतकं साफ काम मलासुद्धा जमत नाही.

म्हणजे लखनला जमणं शक्य नव्हतं. शेतकरी माणूस, टीव्हीला पेनड्राईव्ह लावण्यापलीकडे त्याचं ज्ञान नसणार.

मी वीरेशकडे वळले. तो कोपऱ्यातल्या स्टुलावर हात मांडीत घेऊन बसला होता.

"पेनड्राईव्ह कुठाय?"

त्यानं मान खाली घातली. "त्याच्यात आता भजनं हायती. जिनिंगच्या टेंपोत वाजवतो आमी."

"आणि ही फोनमधली फाईल?"

"मीच बनिवली, ताई. आमच्या टीव्हीवर नुसतं चित्र दिसायचं. आवाजाच्या जागी लिहून यायचं, ऑडिओ फॉरमॅट चालत न्हाई म्हून. बासरीबी न्हाई, काहीच न्हाई. मंग फोनवर बघितलं, तर बासरी वाजली पण मामांचा आवाज न्हाई. शेजाऱ्याच्या फोनवर तसंच. त्या गोल डब्यासारखा ब्लूटूथ स्पीकर असतो, त्याच्यावरबी तसंच. मंग एक ॲप घेतलं आन फाईल बदलून लहान केली. टीव्हीवर बासरी यायला लागली. मामा मात्र मुकेच."

"आणि मूळ फाईल पुसली?"

"फोनात जागा न्हवती," तो पुटपुटला.

दीपमालानं त्याच्याकडे पाहिलं. सहा वर्षांच्या संसारात बाई नवऱ्याकडे अशी फार वेळा पाहत नाही, आणि पाहिलं तर ते विसरलं जात नाही. मलाही क्षणभर वाटलं, हाच. बापाशी गोडी झाली तर बायको माहेरची होईल, ही भीती नवऱ्यांना असते. पण मग तो स्वतःहून सगळं का सांगत होता?

टीव्हीचं कोडं सोपं होतं. व्हिडिओची फाईल म्हणजे डबा. आत चित्र एका बोलीत लिहिलेलं असतं, आवाज दुसऱ्या. स्वस्तातल्या टीव्हीला सगळ्या बोली येत नाहीत. हा रोजचा आजार आणि वीरेशनं केला तो रोजचा इलाज. ॲपनं फाईल लहान करताना आवाजाच्या डाव्या-उजव्या दोन रांगांची एकच रांग केली होती, हेही मला पडद्यावर दिसत होतं. फोनसाठी तसं सगळेच करतात. मी ते पाहिलं आणि सोडून दिलं. तिथंच माझे दोन दिवस वाया गेले.

"तुमी आमच्या गावाला जाता का, ताई?" दीपमाला म्हणाली. "मी गेले तर तो दार लावून घेतो."

"अण्णा काय बोलले असतील असं वाटतं तुला?"

"काय बी असंल. शिव्या दिल्या असतील तरी चालंल. सहा वर्षांत त्यांनी माझं नाव घेतलेलं ऐकलं न्हाई मी."

३

लखनचं घर रस्त्याला लागूनच होतं. नवा रंग, दारावर वास्तुशांतीचं वाळलेलं तोरण अजून तसंच. तो ओसरीवर तुरी निवडत बसला होता. तिशीचा, अंगानं दणकट, डोळे झोप न झालेल्या माणसाचे. दीपमालाचं नाव घेताच त्यानं सूप खाली ठेवलं.

"कशाला आलाव ताई? तिनं धाडलं का?"

"आवाज पुसला गेलाय म्हणते."

"खोटं बोलती!" तो इतक्या जोरात म्हणाला की शेजारची म्हैस उठून उभी राहिली. "म्या ऐकलाय. ह्याच टीव्हीवर. अण्णा रानात गेल्ते तवा लावून बघितलं, आवाज येतो का न्हाई ते. सगळं ऐकलं. आन तसाच पेनड्राईव्ह धाडला. तिला आलं ऐकू. ऐकूनबी आली न्हाई."

"कुठं आली नाही?"

त्यानं सूप पुन्हा उचललं आणि तुरी पाखडायला लागला.

"लखन, अण्णा काय बोलले त्यात?"

"ते तिला म्हायती हाय. मी दुसऱ्यांदा कशाला सांगू? तो माणूस गेला तो मान खाली घालूनच..." तो उठला. "आता वर्षश्राद्धालाबी येऊ नको म्हणावं."

टीव्ही मोठा होता, नवा, खाली दोन बाजूंना दोन स्पीकर. मी जाता जाता विचारलं, "आवाज चांगला आला होता का?"

"आला की. जरा कसा तरीच हुता," तो नकळत म्हणाला. "भिताडाच्या मागून बोलल्यावाणी. बासरी टीव्हीतून यायची आन अण्णा कुठून बोलून राहिले ते कळंनाच. पण शब्द न् शब्द आला."

हे वाक्य मी वहीत लिहून घेतलं. तो खोटं बोलत नव्हता. खोटं बोलणारा आवाज चांगला होता म्हणतो, भिंतीमागून येत होता असं म्हणत नाही. पण मग दीपमालाही खोटं बोलत नव्हती. आणि दोघांनी पाहिलेला पेनड्राईव्ह एकच.

उरला एकच जण. आवाज आणि बासरी मिसळण्याआधी दोन्ही वेगवेगळे ज्याच्या हातात होते तो शूटिंगवाला.

४

हरिओमचं दुकान औशात, मार्केट यार्डाकडे जाताना. पस्तिशीचा माणूस, खिशाला दोन पेनं, बोलायला गोड. मला धंद्यामुळे ओळखत होता.

"उज्वलाताई, त्या कामाचं इचारू नका. तसलं काम म्या जिंदगीत केलं न्हाई."

"म्हणजे?"

"पावणे गेले, जेवणं उरकली. अण्णा म्हणले, हरिओम, मला ह्या कॅमेऱ्यात बोलायचंय. मी शपथ घेतलीय पोरीशी बोलणार न्हाई म्हून. पण डब्याशी बोललं तर शपथ मोडत न्हाई ना? मी म्हणलो, न्हाई मोडत. दुसरं काय बोलणार, ताई? म्हाताऱ्या माणसाचं तोंड बघवंना. मंग म्हणले, चालू कर आन मांडवाच्या भायेर जा. जे बोलीन ते तिच्याबिगर कुणी ऐकायचं न्हाई, तुला मारुतीची आण हाय."

"आणि तू ऐकलं नाहीस?"

"कसं ऐकू? आण घातलेली. मिक्सिंग करताना आवाज बंद ठेवला. पडद्यावर आवाजाच्या लाटा दिसतात ना, तेवढ्या बघितल्या. लाटा हायती म्हणजे आवाज हाय. वरून हळू बासरी टाकली आन दिली."

देवाची आण पाळून डोळ्यांनी आवाज तपासणारा मिक्सिंगवाला मी पहिल्यांदा पाहिला. रागही आला आणि त्याच्या पाठीवर हात ठेवावासाही वाटला.

"मूळ फाईल आहे?"

"दोन वर्षं मी काही पुसत न्हाई."

त्यानं ती उघडली. लाटा होत्या, चांगल्या ठसठशीत. "लाव," मी म्हटलं. त्यानं हेडफोन माझ्या हातात दिले आणि स्वतः बाहेर जाऊन उभा राहिला.

मी हेडफोन कानाला लावले. बासरी समोरून आली आणि माझ्या डोक्याच्या मागून, अगदी मानेपाशी बसून बोलावं तसा, एक घोगरा आवाज म्हणाला, "दीपा..."

मी झटकन हेडफोन काढले. तो आवाज माझ्यासाठी नव्हता.

पण आवाज होता! पुसला कुणीच नव्हता. मी हरिओमकडून तयार फाईल माझ्या फोनमध्ये घेतली, सही सही तीच, एक अक्षर इकडचं तिकडं नाही. उमरीला फोन लावून दीपमालाला सांगावं म्हणून स्टँडवर बाकावर बसले. आधी खात्री करू म्हणून फाईल लावली, फोन कानाशी धरला.

बासरी वाजत होती. म्हातारा ओठ हलवत होता. आवाज नव्हता.

५

स्टँडवर लातूरची गाडी लागली, भरली, निघूनही गेली. मी बाकावर तशीच बसून होते. पाच मिनिटांपूर्वी जी फाईल बोलत होती ती माझ्या हातात मुकी झाली होती. आता यात लखन नव्हता, वीरेश नव्हता, हरिओमही नव्हता. चोर असता तर माझ्या पर्समध्ये शिरून आवाज काढून नेला असता का? आम्ही सगळे साप साप म्हणून भुई धोपटत होतो.

मग मी वही काढली आणि एकाखाली एक लिहिलं. आवाज कुठं आला? लखनचा टीव्ही, हरिओमचे हेडफोन. कुठं नाही आला? दीपमालाचा फोन, शेजाऱ्याचा फोन, तो गोल ब्लूटूथ डबा, आणि आता माझा फोन. नवं-जुनं असा फरक नव्हता, स्वस्त-महाग असाही नाही. फरक एवढाच की आवाज आला तिथं बोलायला दोन तोंडं होती, डावं आणि उजवं. नाही आला तिथं एकच.

माझ्या दुकानात दोन स्पीकर होते तरी आवाज आला नाही, हे आडवं येत होतं. आणि तेव्हा मला ती एक रांग आठवली. वीरेशच्या ॲपनं दोन रांगांची एक केली होती. म्हणजे दोन रांगा एकत्र आल्या, मग त्या फोनच्या स्पीकरात येवोत की ॲपमध्ये, की म्हातारा मुका होत होता.

मी परत हरिओमकडे गेले, जवळजवळ धावतच.

"मांडवातला माईक कॅमेऱ्याला कसा जोडला होतास? वायर दाखव."

त्यानं पेटीतून एक वायर काढली. एका टोकाला मांडववाल्याच्या मिक्सरला लागणारी तीन टाचण्यांची पिन, दुसऱ्या टोकाला कॅमेऱ्याची बारीक पिन. मधले जोड घरी झाळलेले.

"बाजारात तयार मिळंना, मंग मीच जोडली," तो अभिमानानं म्हणाला. "भोंगे बंद केले, मिक्सर चालू ठेवला, आन अण्णांचा आवाज थेट कॅमेऱ्यात. कॅमेऱ्याचा माईक बिघडलेला हुता ना, लई खरखर करायचा."

मी डोक्याला हात लावला. त्या तीन टाचण्यांची गंमत अशी की एकीतून आवाज सुलटा येतो आणि दुसरीतून तोच आवाज उलटा. लांब वायरीत खरखर शिरू नये म्हणून केलेली ती सोय. मोठं यंत्र उलट्याला पुन्हा सुलटं करून घेतं. हरिओमनं सुलटा जोडला डाव्या रांगेला आणि उलटा उजव्या रांगेला. दोन कानांना दोन वेगळे गेले तर माणसाला ऐकू येतं, फक्त आवाज कुठून येतो ते कळत नाही, भिंतीमागून आल्यासारखा वाटतो. पण दोन्ही एका तोंडातून काढले की संपलं. गाडीला एक बैल पुढं जुंपला आणि तेवढ्याच ताकदीचा दुसरा मागं तोंड करून जुंपला, तर गाडी जागची हलत नाही. बासरी हरिओमनं नंतर टाकली होती, ती दोन्हीकडे सुलटीच. म्हणून ती वाचली.

"ह्या वायरीनं आणखी काय काय शूट केलंस?"

"मागच्या सिझनची सगळी लग्नं."

त्यातलं एक आम्ही माझ्या फोनवर लावलं. अंतरपाट धरलेला, अक्षता पडतायत, भटजीचं तोंड उघडं आणि मंगलाष्टकं गायब. गाणं तेवढं जोरात. हरिओम मटकन खाली बसला.

"एकाचीबी तक्रार आली न्हाई, ताई."

"येणार कशी? लग्नाच्या व्हिडिओत माणसाचं बोलणं ऐकतं कोण? सगळे गाणं ऐकतात."

सगळ्या सिझनमध्ये एकाच माणसाला बोलणं ऐकायचं होतं, आणि नेमकं तिच्याकडे एका तोंडाचा फोन होता.

६

लखन यायला तयार नव्हता. मी त्याला फोनवर एवढंच म्हटलं, "तुझी बहीण खोटं बोलते हे तुला माझ्यासमोर सिद्ध करता येईल. ये." तो आला. दुकानात शिरताना दीपमाला दिसली तसा उंबऱ्यातच थबकला. वीरेशनं त्याला स्टूल दिलं. तो उभाच राहिला.

मी उजव्या रांगेतला आवाज सुलटा करून ठेवला होता, पण ती फाईल नंतर. आधी हरिओमकडची मूळ फाईल दीपमालाच्या फोनमध्ये घातली आणि फोन लखनच्या हातात दिला.

"ही तू पाठवलेलीच फाईल आहे. ऐक."

त्यानं ऐकलं. बासरी वाजत राहिली. त्यानं आवाज वाढवला, फोन कानाशी नेला, हलवला, पुन्हा नेला. साडेतीन मिनिटं तो तसाच उभा होता. मग त्यानं फोन माझ्या टेबलावर इतका हळू ठेवला की टक असा आवाजसुद्धा झाला नाही.

"हिला हेच ऐकू आलं?"

"हेच."

मी वायर, पिन, बैल, सगळं समजावून सांगितलं. त्याला किती कळलं माहीत नाही. तो दीपमालाकडे बघत होता आणि दीपमाला माझ्या स्पीकरकडे.

"लावा ताई," ती म्हणाली.

मी सुधारलेली फाईल लावली. हरिओमकडे दोन्ही पट्ट्या अजून वेगळ्या होत्या, म्हणून बासरीही काढून टाकली होती, तिची आता गरज नव्हती. मी दार ओढून बाहेर जायला निघाले तर तिनं माझा हात धरला. "थांबा. मला एकटीला ऐकवणार न्हाई."

आणि ग्यानोबाअण्णा बोलले, खोलीच्या मधोमध.

"दीपा. मी तुझ्याशी बोलणार न्हाई म्हून आण घेतली हाय. आताबी तुझ्याशी बोलून न्हाई राहिलो. ह्या डब्याशी बोलून राहिलोय. तू आपलं आइकून घे." दूर कुणीतरी भांडी घासत होतं. "घर बांधलं. लोक जेवून गेले. चांगलं म्हणले. मला काय ग्वाड लागलं न्हाई. ...पंचमीला पोरीला माहेरी न्यायला घरचा माणूस मुराळी जातो. लखनला धाडावं तर भावकी म्हणंल, ग्यानोबानं शब्द मोडला. म्हून मीच येतो. उमरीपातूर न्हाई येता येणार, औश्याच्या स्टँडवर उभा ऱ्हातो. पंचमीला, सकाळपासून. तू यष्टीतून उतर. मी बोलणार न्हाई, तूबी बोलू नको. मी म्होरं चालंन, तू मागून ये. जावयालाबी आण. घरी आल्यावर मारुतीचं काय ते मी बघून घेईन." पुन्हा भांडी वाजली. "न्हाई आलीस तर मी समजंन, पोरीचा राग गेला न्हाई. बरोबर हाय तुझं. मंग पुन्ना तरास देणार न्हाई. ...एवढंच हाय."

हात जोडताना माईक कशाला तरी लागला आणि खट्ट झालं.

दीपमाला रडली नाही. बोलावल्याशिवाय पंचमीला माहेरी कशी जाणार, म्हणून त्या दिवशी ती उमरीत घरातच बसून होती, हे तिनं मला नंतर सांगितलं. तेव्हा तिनं फक्त विचारलं, "उभे हुते?"

"पहाटं गेले," लखन म्हणाला. "फेटा बांधून. मी दुपारी भाकर घिऊन गेलो तर म्हणले, नांदेडकडची गाडी आता येईल, तू जा. शेवटची गाडी गेल्यावर आले. फेटा सोडला आन इचारलं..."

वीरेशनं त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि त्यानं तो झटकला नाही.

"इचारलं, लखन, तिला आवाज पोचला हुता ना रे? मी म्हणलो, पोचला हुता अण्णा. मी सोता ऐकून धाडला. तिनं ऐकलंय." तो खालीच बसला, भिंतीला टेकून. "माझ्याकडं बघितलं आन म्हणले, असू दे. त्याच्यानंतर जेवण तुटलं त्यांचं. दिवाळीपातूर तेवढंच धरून बसले, आक्का. तुझा राग गेला न्हाई, एवढंच घिऊन गेले. मी सांगितलं म्हून."

मी या धंद्यात बावीस वर्षं आहे. तुटलेल्या, अर्ध्या पुसल्या गेलेल्या, पाण्यात पडलेल्या फायली मी उभ्या केल्यात. त्या दोघांकडे बघताना मला माझ्या सगळ्या हुशारीची लाज वाटली. कोडं सुटलं होतं, चोर कुणीच नव्हता, दोघंही खरं बोलले होते. आणि ज्याला हे कळायला पाहिजे होतं तो माणूस पाच महिन्यांपूर्वी गेला होता.

दीपमाला उठली. लखनपाशी जाऊन त्याच्या डोक्यावर तळवा ठेवून थोडा वेळ उभी राहिली. मग माझ्याकडे आली. टेबलावर मास्तरांच्या तासांसाठी ठेवलेला माईक होता. तिनं तो हातात घेतला.

"चालू करा ताई."

मी चालू केला.

"अण्णा," ती म्हणाली. आवाज स्वच्छ होता, जराही हलला नाही. "मला ऐकू आलं न्हवतं."

तिनं माईक परत जागेवर ठेवला. मी फाईल बंद केली आणि सवयीनं नाव विचारलं, काय नावानं ठेवू. तिनं ऐकलं नसावं. ती पडद्याकडे बघत होती.

"आता हे कुठं धाडायचं, ताई?" तिनं विचारलं.